कामगाराचे मृत्युपत्र

मृत्युपत्र हा शब्द काढला की आपल्याकडील माणसे दचकतात. 'अहो, शुभ बोला,' म्हणून विषय बदलतात. जे दचकत नाहीत, ते हसतात. 'आमच्यापाशी लिहून ठेवण्यासारखे आहे काय? दोन खोल्या, फंडाचे चार पैसे आणि गावची अर्धा एकर जमीन!' कामगार संघटनेच्या कामात हे उत्तर मी पुष्कळदा ऐकले आहे. माझे मत नेमके याच्या उलट आहे. ज्याची दहा घरे आहेत त्याच्या मुलांनी भांडून दोन घालविली, तरी आठ उरतात. ज्याच्या दोनच खोल्या आहेत त्याच्या घरी वाद पेटला, म्हणजे वकिलाच्या फीमध्येच एक खोली जाते. तेव्हा मृत्युपत्र ही श्रीमंताची चैन नव्हे, ती गरिबाची गरज आहे.

सर्वांत मोठी चूक घडते ती नोकरीच्या पहिल्या दिवशी. विशीतला पोरगा कामावर लागतो. कारकून विचारतो, 'फंडाला नाव कुणाचे घालू?' पोरगा म्हणतो, 'आईचे.' त्यात वावगे काही नाही. पुढे लग्न होते, मुले होतात, केस पिकतात. कागद मात्र तसाच राहतो. आणि एके दिवशी त्याची बायको पदराने डोळे पुसत आमच्या कचेरीत येऊन बसते. १९५२ साली आलेल्या भविष्यनिर्वाह निधीच्या योजनेत असा नियम आहे की, कुटुंब नसताना केलेले नामनिर्देशन कुटुंब झाल्यावर रद्द समजावे आणि नवे करावे. परंतु हा नियम त्या पोराला सांगतो कोण?

असेच एक प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. एका बँक कर्मचाऱ्याने लग्नापूर्वी आईचे नाव घातले होते, ते बदलायचे राहून गेले आणि त्याच्या मागे सासू व सून एकमेकींविरुद्ध उभ्या राहिल्या. २००९ साली निकाल लागला: केवळ नाव लागले म्हणून आई एकटी मालक होत नाही, विधवेलाही तिचा वाटा मिळाला पाहिजे. निकाल न्यायाचाच झाला. पण एका फॉर्मवर वेळीच सही झाली असती, तर त्या दोघींना कोर्टाची पायरी चढावी लागली नसती.

नामनिर्देशित म्हणजे वारस नव्हे, ही गोष्ट प्रत्येकाने मनात पक्की करावी. गावी जाताना आपण शेजाऱ्यापाशी किल्ली ठेवतो, म्हणून घर काही शेजाऱ्याचे होत नाही. विम्याच्या बाबतीत हेच तत्त्व सर्वोच्च न्यायालयाने १९८३ साली सांगितले आणि कंपन्यांच्या शेअर्सविषयी २०२३ साली सांगितले. विमा कायद्यात २०१५ साली दुरुस्ती होऊन आईवडील, पतिपत्नी आणि मुले यांना अधिक हक्क दिला गेला. तरी तिच्या अर्थावरूनही वाद झालेच आहेत. सहकारी गृहनिर्माण संस्था सदनिका नामनिर्देशिताच्या नावे करते, पण त्याने इतर वारसांचा हक्क पुसला जात नाही. म्हणून नामनिर्देशनही करावे आणि मृत्युपत्रही करावे. आणि दोहोंत एकच नाव असावे.

दुसरी चूक म्हणजे 'माझ्यामागे सगळे बायकोचेच' हा समज. हिंदू वारसा कायदा १९५६ साली आला. पुरुष मृत्युपत्र न करता वारला, तर त्याची मालमत्ता पत्नी, मुलगे, मुली आणि आई यांच्यात सारख्या वाट्यांनी जाते. घरात पत्नी, दोन मुलगे, एक मुलगी आणि म्हातारी आई असेल, तर वाटे पाच पडतात. जिने त्या घरात तीस वर्षे चूल पेटविली, तिच्या वाट्याला पाचवा हिस्सा येतो! याच्या उलट, 'लग्न झालेल्या मुलीला काही नाही' हा समजही तितकाच खोटा आहे. २००५ च्या दुरुस्तीने वडिलोपार्जित एकत्र मिळकतीतही मुलीला मुलाइतकाच जन्मसिद्ध हक्क दिला आणि २०२० साली सर्वोच्च न्यायालयाने तो अधिक स्पष्ट केला. बहिणीला माहेरी बोलावून, साडीचोळी करून, न वाचताच हक्कसोडपत्रावर सही घेण्याची रीत आता तरी सोडावी. तिला हक्क सोडायचा असेल तर ती सोडील. पण काय सोडते आहे, ते तिला आधी कळले पाहिजे.

स्त्रियांनी तर स्वतःचे मृत्युपत्र अवश्य करावे. एका बाईचा नवरा लग्नानंतर अवघ्या तीन महिन्यांत वारला. सासरच्यांनी तिला घराबाहेर काढले. माहेरी राहून ती शिकली, नोकरी केली, पैसा साठविला आणि मृत्युपत्र न करता वारली. २००९ साली सर्वोच्च न्यायालयाला कायद्याच्या अक्षराप्रमाणे ती स्वकष्टाची पुंजी सासरच्यांना द्यावी लागली. कारण मूलबाळ नसलेल्या विवाहित हिंदू स्त्रीच्या स्वकमाईवर आईवडिलांच्या आधी पतीचे वारस येतात. तिने चार ओळी लिहिल्या असत्या, तर कायदा तिच्या बाजूने उभा राहिला असता.

तिसरी चूक मायेपोटी होते. म्हातारा बाप जिवंतपणीच घर मुलाच्या नावे बक्षीसपत्राने करून देतो आणि मग त्याच घरात पाहुणा होतो. २००७ च्या ज्येष्ठ नागरिकांच्या कायद्यात, सांभाळण्याच्या अटीवर दिलेली मिळकत ती अट मोडल्यास परत मिळविण्याची वाट आहे. म्हणून द्यायचेच असेल, तर अट दस्तातच लिहावी. मृत्युपत्राची गोष्ट निराळी. ते आपण गेल्यावरच अमलात येते आणि तोवर हवे तेव्हा बदलता येते.

चौथी चूक गावच्या जमिनीची. सातबाऱ्यावर थोरल्या भावाचे नाव 'ए.कु.मॅ.' म्हणून लागलेले असते. एकत्र कुटुंबाचा मॅनेजर म्हणजे कारभारी, मालक नव्हे. भाऊ भाऊ आहेत तोवर चालते. पुतण्यांच्या पिढीला त्या तीन अक्षरांचा अर्थ ठाऊक नसतो. वडील हयात असतानाच सर्वांची नावे लावून घ्यावी.

आता मृत्युपत्र करावे कसे? साधा कागद पुरतो, मुद्रांक लागत नाही. आपले नाव, तारीख, मिळकतीचा गट नंबर किंवा खोलीचा नंबर आणि कुणाला काय द्यायचे, हे स्वच्छ लिहावे. दोन साक्षीदारांसमोर सही करावी आणि त्यांनी आपल्यासमोर सह्या कराव्या. साक्षीदार आपल्याहून तरुण असावे आणि ज्यांना काही मिळायचे आहे त्यांपैकी नसावे. नोंदणी सक्तीची नाही, पण केलेली बरी. आपल्या हिश्शाचेच लिहावे, दुसऱ्याचा हिस्सा वाटता येत नाही. मुसलमान बांधवांना वारसांच्या संमतीवाचून एकतृतीयांशापलीकडे मृत्युपत्राने देता येत नाही, तर गोव्याच्या कायद्यात मुलाबाळांसाठी अर्धा हिस्सा राखलेला असतो; तेव्हा आपला कायदा विचारूनच लिहावे. आणि कागद कोठे ठेवला, ते घरात दोघांना तरी ठाऊक असावे. न सापडणारे मृत्युपत्र नसल्यासारखेच.

मुंबईच्या गिरणी कामगारांसाठी २०१२ पासून घरांच्या सोडती निघू लागल्या, तेव्हा कित्येक कामगार हयात नव्हते. अर्ज वारसांनी भरले. बापाने संपात गमावलेली भाकरी कुणी परत दिली नाही. निदान त्याच्या नावाने मिळणाऱ्या घरावरून भावाभावांचे बोलणे तुटू नये. आम्ही संघटनेत एकी शिकवतो. कारखान्याच्या फाटकावर ती टिकविणे सोपे, कारण समोर मालक असतो. घरात समोर आपलाच भाऊ असतो.

आज घरी गेल्यावर एवढेच करा: फंडाच्या कागदावर नाव कुणाचे आहे, ते पाहा. आणि जेवणे झाल्यावर, मुलगे, मुली, सुना सर्वांना बसवून, आपल्या मनात काय आहे ते मोकळेपणी सांगा. त्यानंतर ते कागदावर उतरवायला एक संध्याकाळ पुरते.