पडद्यावर उतरलेला देश

सुमारे शंभर वर्षांपूर्वी ऑस्ट्रेलियातील चित्रपटगृहांत बहुधा अमेरिकेत तयार झालेले मूकपट दाखविले जात. पडद्यावर परके रस्ते, परकी माणसे आणि परक्या कथा दिसत. आपली विस्तीर्ण माळराने, निलगिरीची अरण्ये आणि आपल्या लोकांचे कष्टमय जीवन तेथील प्रेक्षकांना पडद्यावर क्वचितच पाहावयास मिळे. ही उणीव दूर करण्यासाठी ज्यांनी आयुष्य वेचले, त्यांत दिग्दर्शक व पटकथालेखक चार्ल्स शोव्हेल यांची गणना होते.

शोव्हेल यांचा जन्म १८९७ साली क्वीन्सलँड प्रांतातील वॉरविक येथे झाला. तरुणपणी ते अमेरिकेतील हॉलिवूडला गेले आणि तेथे पडेल ते काम करीत त्यांनी चित्रपटाची कला जवळून पाहिली. मायदेशी परतल्यावर १९२६ साली त्यांनी दोन मूकपट काढले. त्यांपैकी 'ग्रीनहाइड'ची नायिका एल्सा हिच्याशी पुढच्याच वर्षी त्यांचा विवाह झाला. तेव्हापासून लेखनात व चित्रीकरणात एल्साबाई त्यांच्या आयुष्यभराच्या सहकारी झाल्या. आपले मूकपट घेऊन हे दांपत्य अमेरिकेत गेले. परंतु तोवर बोलपटांचे युग सुरू झाले होते. मूकपटांना कोणी विचारीना.

या अपयशाने शोव्हेल खचले नाहीत. खरी कथा खऱ्या भूमीवरच चित्रित झाली पाहिजे, हा त्यांचा आग्रह होता. 'बाउंटी' जहाजावरील बंडाची कथा सांगण्यासाठी ते प्रशांत महासागरातील चिमुकल्या पिटकर्न बेटावर जाऊन आले. १९४९ सालच्या 'सन्स ऑफ मॅथ्यू' या चित्रपटासाठी ते क्वीन्सलँडच्या डोंगराळ अरण्यात गेले, तेव्हा पावसाने कामात वारंवार व्यत्यय आणला. तरीही त्यांनी ती जागा सोडली नाही.

त्यांच्या निर्धाराची खरी कसोटी लागली ती 'जेडा' या चित्रपटाच्या वेळी. गोऱ्या कुटुंबात वाढलेल्या एका आदिवासी मुलीची ही शोकान्त कथा आहे. आपल्या लोकांची ओढ आणि पालनकर्त्यांची शिकवण यांच्या ओढाताणीत ती सापडते. ऑस्ट्रेलियाचे मूळचे रहिवासी असलेल्या आदिवासींना चित्रपटात तोवर गौण स्थान असे. शोव्हेल यांनी मात्र नायकाची भूमिका रॉबर्ट टुडावाली यांना आणि नायिकेची रोझली कूनोथ या शाळकरी मुलीला दिली. दोघेही आदिवासी होते.

हा ऑस्ट्रेलियात निर्माण झालेला पहिला रंगीत कथापट होय. रंगीत फिल्म धुण्याची सोय त्या देशात नसल्यामुळे ती विमानाने इंग्लंडला पाठवावी लागे. उष्णतेने ती बिघडू नये म्हणून चित्रीकरणाच्या ठिकाणी तिला थंड गुहेत ठेवीत. इतकी काळजी घेऊनही अखेरच्या प्रसंगांची फिल्म विमान-अपघातात नष्ट झाली. तेव्हा सिडनीच्या पश्चिमेकडील ब्लू माउंटन्स पर्वतातील कड्यांवर ते प्रसंग पुन्हा चित्रित करण्यात आले.

१९५५ च्या जानेवारीत डार्विन शहरात 'जेडा'चा पहिला खेळ झाला. त्या चित्रपटगृहात गोऱ्यांच्या आणि आदिवासींच्या बसण्याच्या जागा वेगळ्या होत्या. गोऱ्यांमध्ये बसण्याची मुभा आदिवासींपैकी केवळ नायक-नायिकेला मिळाली. ज्यांची कथा पडद्यावर होती, त्यांचेच बांधव वेगळे बसून ती पाहत होते!

त्याच वर्षी फ्रान्समधील कान येथील महोत्सवात हा चित्रपट दाखविला गेला. शोव्हेल यांचा हा शेवटचा कथापट ठरला. १९५९ साली त्यांचे निधन झाले. आदिवासींचे जीवन त्यांनी गोऱ्या माणसाच्या दृष्टीने रंगविले, असा आक्षेप पुढे घेतला गेला आणि तो रास्तही आहे. तथापि, त्यांनी उघडलेले दार पुन्हा बंद झाले नाही. रोझली कूनोथ पुढे आपल्या समाजाच्या हक्कांसाठी २०२२ साली झालेल्या मृत्यूपर्यंत झटत राहिल्या. २००९ साली वॉरविक थॉर्नटन या आदिवासी दिग्दर्शकाच्या 'सॅमसन अँड डिलायला' या चित्रपटाचा त्याच कान महोत्सवात गौरव झाला. या चित्रपटाची पटकथाही त्यांनी स्वतःच लिहिली होती. ज्यांची कथा एके काळी इतरांनी सांगितली, ते आता ती स्वमुखाने सांगू लागले आहेत.