बोलोन्याचे लाटणे

इटलीतील बोलोन्या नगरीचे मनोरे पाहून झाले, की कित्येक प्रवासी पाकशाळेत शिरतात. तेथे कणकेची पातळ पोळी लाटणाऱ्या कुशल स्त्रीला ‘स्फोलीना’ म्हणतात. १०० ग्रॅम पिठास एक अंडे, हे तिचे प्रमाण. पाणी मुळीच नाही. फळीवर पिठाचे आळे करून ती त्यात अंडी फोडते, कणीक मळते व अर्धा तास झाकून ठेवते. विसावा न मिळालेली कणीक लाटताना आखडते. मग हातभराहून लांब लाटणे! पाहुण्याची पहिली पोळी बहुधा फाटतेच. कणीक किती ताणावी, हे बोटांनाच कळावे लागते. लिहून घेऊन भागत नाही. शेवटी पोळीची गुंडाळी कापून ‘ताल्यातेल्ले’ नावाच्या फिती होतात. शिजल्यावर त्यांची रुंदी ८ मिलिमीटर असावी, अशी नोंद तेथील व्यापारमंडळात १९७२ साली झाली आहे. नवख्याच्या मात्र बोटभर रुंद होतात!