शेतात सापडलेला अजगर पाळावा काय?

ऊसतोडणी सुरू झाली, की फडात अजगर सापडल्याच्या बातम्या येऊ लागतात. उसाच्या दाट फडात गारवा असतो, उंदीर-घुशींचा सुकाळ असतो आणि माणसाचा वावर कमी असतो. अजगराला आणखी काय हवे? तोडणी बांधाकडून आत सरकत जाते तसा तोही आत आत सरकतो आणि शेवटच्या दोन-चार सऱ्यांत उघडा पडतो. मग गर्दी जमते. कोणी काठी उगारतो, कोणी पोते आणतो, तर कोणी त्याला रिकाम्या हौदात सोडून वर लोखंडी जाळी टाकतो. "राहू द्या, उंदीर तरी खाईल," असा त्यामागे हिशेब असतो. उंदीर नियंत्रणाच्या शिबिरांतून हा प्रश्न हमखास विचारला जातो, म्हणून तो येथे थोडा सविस्तर घेतला आहे.

हिशेब साफ चुकीचा आहे. हौदातला अजगर तुमच्या शेतातला एकही उंदीर खात नाही. उलट त्याच्यासाठी तुम्हालाच भक्ष्य शोधत फिरावे लागते. मोकळा अजगर मात्र घुशी, उंदीर, ससे, पक्षी असे जे वाटेत येईल ते खाऊन आपला वाटा उचलतो. प्रसंगी कोंबडी किंवा शेळीचे करडूही गिळतो, हे नाकारता येत नाही. पण तो सतत खाणारा प्राणी नव्हे. एकदा पोटभर गिळले की आठवडेच्या आठवडे तो काही न खाता राहतो. निव्वळ उंदरांचा विचार केला तर धामण आणि घुबड हे आपले अधिक कामाचे सोबती आहेत.

आपल्याकडील अजगर हा भारतीय अजगर होय. कोकणात त्याला 'आर' म्हणतात. पूर्ण वाढलेला अजगर साधारणपणे तीन मीटरच्या आसपास भरतो; त्याहून लांब अजगरही असतात. तो बिनविषारी आहे. वरच्या ओठावरील खाचांमध्ये उष्णता ओळखणारी ज्ञानेंद्रिये असल्याने गरम रक्ताचे भक्ष्य त्याला अंधारातही समजते. भक्ष्य पकडले की तो त्याला वेटोळ्यांत आवळतो. गुदमरून प्राणी मरतो असे पूर्वी मानले जाई. परंतु याच पद्धतीने भक्ष्य मारणाऱ्या बोआ सापावर २०१५ साली प्रसिद्ध झालेल्या प्रयोगांत आवळल्याबरोबर भक्ष्याचे रक्ताभिसरण कोलमडते असे दिसून आले. अजगर श्वासाने जनावर ओढून घेतो, ही समजूत मात्र निराधार आहे.

गिळल्यानंतरचे काम याहून विलक्षण आहे. महिनाभर स्वस्थ असलेले आतडे, यकृत व हृदय काही तासांत कामाला लागतात. ब्रह्मी अजगरावरील अभ्यासात जेवणानंतर दोन-तीन दिवसांत हृदयाच्या स्नायूची सुमारे ४० टक्के वाढ झालेली आढळली. हे पचन बाहेरच्या उष्णतेवर चालते. ऊब मिळाली नाही तर भक्ष्य पोटातच सडते. पोट फुगलेल्या अजगराला डिवचले, ओढले किंवा पोत्यात कोंबले तर पळता यावे म्हणून तो गिळलेले ओकून टाकतो. बघ्यांना त्याचे नवल वाटते. अजगराच्या दृष्टीने ती कित्येक आठवड्यांची शिदोरी वाया गेलेली असते.

आता पाळण्याकडे वळू. प्राणिसंग्रहालयात मोठे साप ठेवताना पिंजऱ्याची एक बाजू ३० ते ३२ अंश सेल्सिअस उबदार, तर दुसरी त्याहून थंड ठेवतात, म्हणजे साप गरजेप्रमाणे जागा बदलू शकतो. अंग बुडेल एवढे पाणी, लपण्यासाठी आडोसा आणि योग्य आर्द्रता लागते. हवा कोरडी असली की कात तुकड्यातुकड्यांनी निघते व डोळ्यांवर अडकून राहते. गारठा आणि ओल एकत्र आली की फुफ्फुसाचा दाह होतो. जाळीवर तोंड घासून घासून ओठ फाटतात आणि मग तोंड सडण्याचा रोग लागतो. हौदावर टाकलेल्या लोखंडी जाळीखाली नेमके हेच होते. दुधाचे तर नावच काढू नये. दूध हे सापाचे अन्नच नव्हे. मोठ्या अजगराच्या पिंजऱ्यात एकट्याने जायचे नाही, हा अनुभवी रक्षकांचा शिरस्ता आहे. आग्नेय आशियातील जाळीदार अजगर तर याहून अवाढव्य वाढतो. अमेरिकेत बंदिवासात असलेल्या अशा एका मादीची लांबी २०११ साली ७.६७ मीटर, तर वजन १५८.८ किलो नोंदले गेले. असे जनावर सांभाळणे हे संस्थेचे काम आहे, घराचे नव्हे. पुण्यात कात्रजच्या सर्पोद्यानासारख्या ठिकाणी मुलांना जरूर न्यावे. तेथे अजगर नीट पाहता येतो.

बंदिवासातील सापांपासून शास्त्राला काही मिळाले नाही असे नाही. अजगराची मादी अंड्यांभोवती वेटोळे घालून बसते व स्नायू थरथरवून त्यांना ऊब देते. थंड रक्ताच्या प्राण्याबाबत ही गोष्ट कोणाला पटत नव्हती. १८४१ साली पॅरिसच्या प्राणिसंग्रहालयात तापमापक लावून पाहिल्यावर ती मान्य झाली.

कायदा काय सांगतो

वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ च्या पहिल्या अनुसूचीत अजगराचा समावेश आहे, म्हणजे वाघाच्याच पंगतीत. या कायद्यात शिकार म्हणजे केवळ मारणे नव्हे. पकडणे आणि सापळा लावणे हीदेखील शिकारच ठरते. २०२२ च्या दुरुस्तीनंतर पहिल्या अनुसूचीतील प्राण्याच्या शिकारीसाठी तीन ते सात वर्षे कैद आणि किमान २५,००० रुपये दंड अशी शिक्षा आहे. "मी मारला नाही, फक्त ठेवला होता," हा बचाव चालत नाही. वन्य प्राणी ही शासनाची मालमत्ता आहे आणि तो कोणत्याही कारणाने ताब्यात आला तर ४८ तासांच्या आत नजीकच्या पोलीस ठाण्यास किंवा वन अधिकाऱ्यास कळविणे बंधनकारक आहे. सांधेदुखीवर म्हणून बाटलीत ठेवलेली अजगराची चरबीसुद्धा गुन्ह्यात धरली जाते, हे घरातील वडीलधाऱ्यांना जरूर सांगावे.

शहरांत परदेशी अजगर पाळण्याची हौस वाढली आहे आणि तिचे वारे तालुक्याच्या गावापर्यंत पोहोचले आहे. आंतरराष्ट्रीय व्यापारावर निर्बंध असलेल्या परदेशी जातींची नोंदणी २०२४ च्या नियमांनुसार 'परिवेश' या शासकीय संकेतस्थळावर करावी लागते. नोंदणी होते म्हणून घ्यावा, असे मात्र मी म्हणणार नाही. अमेरिकेतील फ्लोरिडा राज्यात लोकांनी पाळलेले ब्रह्मी अजगर सुटले, काही कंटाळून सोडून दिले गेले आणि तेथील एव्हरग्लेड्स या पाणथळ प्रदेशात त्यांनी बस्तान बसविले. २०१२ साली प्रसिद्ध झालेल्या पाहणीत तेथील रकून या प्राण्याच्या नोंदी ९९.३ टक्क्यांनी घटल्याचे आढळले. त्याच वर्षी अमेरिकेने या अजगराच्या आयातीवर बंदी घातली, पण तोवर फार उशीर झाला होता. गाजरगवताने आपल्याला जो धडा दिला तोच हा, फक्त सापाच्या रूपात.

घोणस आणि अजगर

ही बाब सर्वांत महत्त्वाची. अजगराचे पिल्लू समजून घोणस हातात धरणे म्हणजे मृत्यूला निमंत्रण होय. घोणशीच्या पाठीवर काळ्या कडांचे, साखळीसारखे अंडाकृती ठिपके तीन रांगांत असतात. अजगराच्या अंगावरील चट्टे मोठे, वेडेवाकडे व अनियमित असतात. डिवचल्यावर घोणस कुकरच्या शिट्टीसारखा मोठा फूत्कार सोडते. त्यात बिनविषारी डुरक्या घोणस या दोघांसारखी दिसते आणि घोटाळा आणखी वाढतो. पाचटात, तिन्हीसांजेला ही लक्षणे तपासत बसणे धोक्याचे आहे. म्हणून 'अजगराचे पिल्लू' असे कोणी म्हटले तरी त्याला हात लावू नये. दंश झालाच आणि साप नक्की कोणता हे सांगता येत नसेल, तर विषारी दंश समजून विलंब न लावता रुग्णालय गाठावे. मांत्रिकाकडे जाण्यात वेळ दवडू नये. अजगरच चावला असेल तर जखम साबण-पाण्याने धुवून डॉक्टरांकडून धनुर्वाताचे इंजेक्शन घ्यावे. त्याचे दात आत वळलेले असल्याने हात हिसकून घेतल्यास जखम अधिक फाटते.

तोडणीच्या वेळी अजगर दिसल्यास तेवढ्या सऱ्या तात्पुरत्या सोडून दुसऱ्या बाजूने तोडणी करावी, कुत्री बांधावीत आणि गर्दी पांगवावी. वाट मिळाली तर बहुधा तो स्वतःच ओढ्याकडे निघून जातो. जात नसेल तर वन विभागाच्या १९२६ या मदत क्रमांकावर कळवावे. वन विभागाची परवानगी असलेल्या सर्पमित्रासही बोलवावे. खुराड्याच्या जाळीची भोके अर्ध्या इंचापेक्षा मोठी ठेवू नयेत. कोंबडी गिळून फुगलेला अजगर आल्या वाटेने बाहेर पडू शकत नाही आणि सकाळी आतच सापडतो. तो नायलॉनच्या जाळ्यात अडकलेला दिसला तर जाळे ओढू नये. धागे मांसात रुततात. मदत येईपर्यंत त्यावर सावली धरावी.

उन्हाळ्यात बांधबंदिस्ती करताना यंत्राच्या फाळाखाली अंड्यांचा ढीग लागतो, तोही वेटोळे घातलेल्या मादीसह. तेथे काम थांबवावे. पिल्ले बाहेर पडण्यास दोन ते तीन महिने लागतात, तेवढा तुकडा त्या हंगामापुरता सोडता आला तर उत्तम. ते शक्य नसेल तर वन कर्मचाऱ्यांकडूनच अंडी हलवावीत. ती कोंबडीच्या अंड्यांप्रमाणे उलटीसुलटी केलेली चालत नाहीत. आतील गर्भ कवचाला चिकटलेला असतो, म्हणून ज्या अंड्याची जी बाजू वर असेल ती वरच राहिली पाहिजे.