चॅटमधला रिकामा चौकोन : गेममधला इमोजी वाटेत कुठे हरवतो?

आजचा विषय वरवर पाहिला तर पोरखेळाचा वाटेल. गेम खेळताना चॅटमध्ये टाकलेला इमोजी समोरच्याच्या स्क्रीनवर नीट का दिसत नाही, एवढाच प्रश्न आपण घेतला आहे. आपण मोबाइलवरून हसरा चेहरा पाठवतो आणि संगणकावर खेळणाऱ्या मित्राला रिकामा चौकोन दिसतो. आपण लाल बदाम पाठवतो, त्याला काळा दिसतो. आता टीममधला एक जण फोनवर, दुसरा लॅपटॉपवर, तिसरा टीव्हीला जोडलेल्या कन्सोलवर असतो. 'माइनक्राफ्ट'मध्ये २०१७ पासून फोन, विंडोज आणि एक्सबॉक्सवाले एकाच जगात खेळू लागले. 'फोर्टनाइट'मध्ये २०१८ पासून प्लेस्टेशनवालेही इतरांबरोबर आले. मैदान एक झालं, पण पडदे वेगवेगळेच राहिले. सगळा गोंधळ तिथून सुरू होतो.

आणि हा प्रश्न फक्त चेहऱ्यांचा नाही. इमोजी ज्या वाटेवर अडखळतो, त्याच वाटेवर आपली देवनागरीही अडखळते. ते कसं, ते पुढे बघू.

इमोजी म्हणजे चित्र नव्हे

पहिली गोष्ट पक्की करून घेऊ. आपण इमोजी पाठवतो तेव्हा चित्र जात नाही. जातो तो एक क्रमांक. जगातल्या लिप्यांमधल्या प्रत्येक अक्षराला क्रमांक देणारी एक सामाईक व्यवस्था आहे, तिचं नाव युनिकोड. तिच्यात आपल्या 'म'चा क्रमांक आहे २,३५०. हसून हसून डोळ्यांतून पाणी येणाऱ्या चेहऱ्याचा क्रमांक आहे १,२८,५१४. तुमचा फोन हा क्रमांक पाठवतो. पलीकडचं यंत्र तो वाचतं आणि आपल्याकडचं चित्र काढून दाखवतं. चित्र तिकडचं, तुमचं नव्हे. लग्नपत्रिकेत आपण 'हळद' असं लिहितो. हळद कुठल्या रंगछटेची लागेल, ते ज्याच्या त्याच्या डब्यावर अवलंबून. तसंच हे.

इमोजी आले जपानमधून. १९९७ साली तिथल्या एका मोबाइलवर ९० चित्रांचा संच आला होता. १९९९ मध्ये डोकोमो कंपनीच्या सेवेसाठी शिगेताका कुरिता यांनी १७६ चित्रं तयार केली. प्रत्येक चित्र १२ बाय १२ ठिपक्यांत बसवलेलं. तेव्हा प्रत्येक कंपनीचे क्रमांक वेगळे होते, त्यामुळे एका कंपनीच्या फोनवरचं चित्र दुसरीकडे भलतंच उमटायचं. २०१० मध्ये युनिकोडने इमोजींचा मोठा संच आपल्या यादीत घेतला आणि क्रमांकाचं भांडण मिटलं. चित्राचं मात्र मिटलं नाही, कारण चित्र कसं काढायचं हे युनिकोड सक्तीने ठरवत नाही.

आता हा क्रमांक तुमच्या बोटापासून समोरच्याच्या डोळ्यापर्यंत जातो, त्या वाटेवर चार नाके आहेत. एकेक बघू.

पहिला नाका : टाइप करणं

फोनवर इमोजी एका बोटावर असतो. विंडोजमध्ये विंडोजचं बटण आणि पूर्णविराम एकत्र दाबले की इमोजींची खिडकी उघडते. मॅकवर कंट्रोल, कमांड आणि स्पेस. पण गेमने पूर्ण स्क्रीन ताब्यात घेतला असेल, तर ही खिडकी कधी गेमच्या मागे दडते, कधी उघडतच नाही. कन्सोलवर तर कंट्रोलरने एकेक अक्षर निवडत बसायचं. म्हणजे एकाच टीममध्ये फोनवाला भरभरून चेहरे टाकतो आणि कन्सोलवाला 'ओके' एवढंच लिहितो. तो रागावलाय असं समजू नका. त्याच्या हातात कीबोर्ड नाही.

दुसरा नाका : सर्व्हर

संगणकात अक्षरं बाइटमध्ये मोजली जातात. सध्याच्या सर्वांत प्रचलित पद्धतीत, म्हणजे यूटीएफ-८ मध्ये, इंग्रजी अक्षराला १ बाइट लागतो, देवनागरी अक्षराला ३ आणि बहुतेक इमोजींना ४. आता गंमत बघा. मायएसक्यूएल नावाचा जो डेटाबेस जगभर वापरला जातो, त्यातला 'यूटीएफ८' नावाचा प्रकार एका अक्षराला जास्तीत जास्त ३ बाइट द्यायचा. म्हणजे मराठी कशीबशी बसली, इमोजी बाहेर! ४ बाइट सांभाळणारा प्रकार २०१० मध्ये आला, पण जुन्या पद्धतीवर उभ्या राहिलेल्या यंत्रणा पुढेही चालू राहिल्या. अशा ठिकाणी इमोजी आला की एक तर आख्खा मेसेज नाकारला जातो, किंवा इमोजीपासून पुढचं सगळं कापलं जातं. "थांब", मग एक चेहरा, मग "डावीकडे दोघं लपलेत" असं तुम्ही लिहिलंत, तर टीमला फक्त "थांब" पोचतं. चेहरा गेला त्याचं दुःख नाही. त्याच्यामागून मुद्दा गेला.

दुसरी भानगड लांबीच्या मर्यादेची. आई, बाबा, मुलगी, मुलगा असा कुटुंबाचा जो इमोजी आहे, तो एक दिसतो, पण आत चार माणसं आणि त्यांना जोडणारी तीन अदृश्य जोडचिन्हं आहेत. एकूण ७ क्रमांक, २५ बाइट. चॅटची मर्यादा बाइटमध्ये मोजली आणि कात्री नेमकी मधे लागली, तर काळ्या चौकटीतलं प्रश्नचिन्ह उमटतं.

आता हे आपल्याकडे घेऊन या. 'क्षी' हे अक्षर आपण एक मोजतो. संगणक मोजतो चार : क, हलन्त, ष आणि दीर्घ ईकार. बाइट १२. म्हणजे गेममध्ये टोपणनावाची मर्यादा बाइटमध्ये असेल, तर 'मीनाक्षी'ला इंग्रजी नावापेक्षा कितीतरी कमी जागा मिळते.

आणि ते अदृश्य जोडचिन्ह? तेही आपल्या ओळखीचं आहे. 'आचाऱ्यांना' आणि 'आचार्यांना' हे दोन शब्द शाळेत सगळ्यांनी घोकलेत. एक स्वयंपाकी, दुसरे गुरुजी. यातल्या स्वयंपाक्याचा अर्धा 'र' लिहिण्याची एक मान्य पद्धत म्हणजे र, हलन्त आणि तेच जोडचिन्ह. काही चॅट यंत्रणा 'न दिसणारी चिन्हं नकोत' म्हणून ती सरसकट काढून टाकतात. मग कुटुंबाच्या इमोजीचे चार सुटे चेहरे होतात, आणि या पद्धतीने लिहिलेल्या आचाऱ्यांचे आचार्य होतात! चूक एकच, फटका दोघांना.

तिसरा नाका : फॉन्ट

बहुतेक चौकोन इथे जन्म घेतात. साध्या मेसेजिंग ॲपमध्ये अक्षरं फोनची यंत्रणा काढते, आणि तिच्याकडे हजारो इमोजींचा रंगीत फॉन्ट असतो. गेमचं तसं नाही. गेम आपली अक्षरं बहुधा स्वतः काढतो. वेग राखायचा म्हणून लागतील तेवढ्या अक्षरांची चित्रं एका पानावर आधीच मांडून ठेवलेली असतात. त्या पानावर जे नाही, त्याच्या जागी चौकोन. या चौकोनाला तंत्रज्ञ 'टोफू' म्हणतात, सोयाबीनच्या पनीरसारखा दिसतो म्हणून. गूगलच्या 'नोटो' फॉन्टचं नावच मुळी 'नो टोफू'वरून आलं आहे.

म्हणूनच अनेकांना पडणारं कोडं सुटतं : टाइप करताना इमोजी दिसतो, पाठवल्यावर चौकोन होतो, असं का? कारण टाइप करतानाची पट्टी अनेकदा फोनची असते आणि पाठवल्यानंतरची ओळ गेमची.

बदाम काळा का दिसतो, तेही इथेच. तो १९९३ पासून युनिकोडमध्ये आहे, इमोजींच्या खूप आधीपासून, एक साधं छापील चिन्ह म्हणून. गेमच्या फॉन्टमध्ये ते जुनं एकरंगी चिन्हच असेल तर तेच उमटतं. झेंड्यांचं आणखी वेगळं. तिरंगा हा इमोजी म्हणजे आत 'आय' आणि 'एन' या दोन विशेष अक्षरांची जोडी. विंडोजच्या स्वतःच्या इमोजी फॉन्टमध्ये देशांचे झेंडे नाहीत. तुम्ही फोनवरून तिरंगा फडकवता आणि संगणकावरच्याला दोन रोमन अक्षरं दिसतात.

देवनागरीचं दुखणं याहून मोठं. 'कि' मधली वेलांटी टाइप होते 'क'नंतर, पण दिसली पाहिजे आधी. ही मांडणी करणारा भाग गेमच्या इंजिनात नसेल, तर वेलांटी भलतीकडे जाते आणि जोडाक्षरांचे पाय मोडतात. मुलं रोमन लिपीत मराठी लिहितात म्हणून आपण नाराज होतो. पण ज्या चॅटमध्ये मराठी नीट उमटतच नाही, तिथे त्यांनी दुसरं करावं तरी काय?

चौथा नाका : माणूस

समजा, सगळं सुरळीत पोचलं. तरी समोरच्याने काय वाचलं? मिनेसोटा विद्यापीठातल्या संशोधकांनी २०१६ मध्ये यावर अभ्यास केला. एकाच कंपनीचं, अगदी तेच चित्र दाखवूनही, ते चांगल्या अर्थाचं, वाईट अर्थाचं की तटस्थ, यावर २५ टक्के वेळा लोकांचं एकमत झालं नाही. चित्रं वेगळी असली की फरक वाढणारच. बंदुकीचाच इमोजी घ्या. ॲपलने २०१६ मध्ये तिची पाण्याची पिचकारी केली. इतर बऱ्याच मोठ्या कंपन्यांनी ते २०१८ मध्ये केलं. मधल्या काळात एकाने पाठवलेली रंगपंचमी दुसऱ्याकडे खरं पिस्तूल म्हणून पोचू शकत होती. जोडलेले हात आपल्याला नमस्कार वाटतात. जपानमध्ये ते 'कृपया' आणि 'आभार' यांसाठी वापरतात. कुणाला ती टाळी वाटते.

मग गेमवाल्यांनी काय उपाय काढला?

त्यांनी स्वतःची चित्रं आणि तयार वाक्यं आणली. 'हार्थस्टोन' २०१४ मध्ये आला तेव्हा अनोळखी प्रतिस्पर्ध्याशी मोकळं बोलायची सोयच नव्हती. सहा ठरलेले उद्गार, बस्स. 'रॉकेट लीग'मध्ये एका बटणावर तयार वाक्यं आहेत. 'एपेक्स लेजंड्स'ने २०१९ मध्ये खुणेची पद्धत इतकी नेटकी केली, की शत्रू कुठे आहे ते एका बटणाने टीमला कळतं. इथेही क्रमांकच जातो. फरक एवढाच, की दोन्ही टोकांचं चित्र एकाच कंपनीचं असतं, त्यामुळे चौकोन उमटत नाही.

पण चौथा नाका यातही चुकत नाही. 'रॉकेट लीग'मधलं "काय अडवलास!" हे कौतुकाचं वाक्य गोल झाल्यावर टोमणा म्हणून वापरलं जातं. 'क्लॅश रोयाल'मधला हसणारा राजा हरणाऱ्याला इतका टोचू लागला, की २०१६ मध्येच असे उद्गार बंद करण्याचं बटण द्यावं लागलं. टोमणा मारायला माणसाला मोकळं वाक्य लागत नाही, हे आपल्याला वेगळं सांगायला नको.

आपण काय करायचं?

खेळणाऱ्यांसाठी चार गोष्टी. एक, जिच्यावर डाव अवलंबून आहे ती गोष्ट इमोजीत सांगू नका; शब्दांत किंवा गेमच्या खुणेने सांगा. दोन, इमोजी टाकायचाच तर वाक्याच्या शेवटी टाका, म्हणजे कापला गेला तरी मुद्दा पोचतो. तीन, झेंडे, कुटुंबं आणि अगदी नवे इमोजी टाळा. जुने साधे चेहरे जास्त ठिकाणी टिकतात. चार, विचित्र काही दिसलं तर भांडण्याआधी विचारा : "तुला काय दिसलं?"

आणि या सभेत गेम किंवा ॲप बनवणारे कुणी असतील, तर त्यांना आमची विनंती. लांबी मोजताना बाइट मोजू नका, माणूस ज्याला एक अक्षर म्हणतो ते मोजा. त्याचे नियम युनिकोडने लिहून ठेवले आहेत. जोडचिन्हं सरसकट पुसू नका. चाचणी करताना एक कुटुंबाचा इमोजी, एक तिरंगा आणि 'आचाऱ्यांना मीनाक्षीने बोलावलं' एवढी ओळ टाकून बघा.

एक प्रश्न

श्रोत्यांमधून प्रश्न आला आहे : इमोजींमुळे भाषा बिघडते, मग त्यांच्यासाठी एवढा खटाटोप कशाला?

बिघडते की नाही, यावर वेगळं व्याख्यान होईल. पण एक गोष्ट लक्षात घ्या. देवनागरी तुटते अशी तक्रार आली, तर ती थोड्या लोकांची म्हणून मागे पडू शकते. इमोजी तुटतो ही तक्रार जगभरातून येते. ४ बाइटची सोय, जोडचिन्हांचा मान, अक्षरं नीट मोजणं हे सगळं इमोजींसाठी करावं लागलं, की त्यातलं बरंचसं आपल्या लिपीच्याही उपयोगी पडतं. सगळं नाही, वेलांटीची मांडणी वेगळी मागावीच लागेल. म्हणून पुढच्या वेळी गेममध्ये मराठी ओळ मोडलेली दिसली, की रोमनमध्ये लिहून गप्प बसू नका. त्या ओळीचा स्क्रीनशॉट काढा आणि गेम बनवणाऱ्यांना पाठवा, एखाद्या चौकोन झालेल्या इमोजीसकट.

इथे थांबू.