तिरंग्याचे सूत आणि व्यापाऱ्याचा धर्म

जैन समाजाला ध्वजाचे महत्त्व नव्याने सांगावे लागत नाही. पंचकल्याणक महोत्सव असो वा एखादे विधान, धर्मकार्याचा आरंभ ध्वजारोहणाने होतो. भगवान महावीरांच्या २५०० व्या निर्वाण महोत्सवाच्या निमित्ताने, १९७४-७५ च्या सुमारास, पंचरंगी ध्वज सर्व संप्रदायांचा समान ध्वज ठरला. मात्र ज्या ध्वजापुढे आपण हात जोडतो, त्याचे सूत कोणी कातले आणि कापड कोणी विणले, हा विचार क्वचितच मनात येतो. राष्ट्रध्वजाच्या बाबतीत हा विचार करण्याची वेळ आता आली आहे. २०२१ च्या अखेरीस ध्वजसंहितेत बदल झाला आणि ध्वजाच्या कापडाचा जुना नियम सैल झाला. ऑगस्ट महिना आला की दुकानाच्या गल्ल्यावर ध्वज मागणारे ग्राहक येतात. त्यांना काय द्यावे, हा व्यापाऱ्याच्या विवेकाचा प्रश्न आहे.

पन्हाळा तालुक्यातील वारणानगर ही तात्यासाहेब कोरे यांनी सहकारातून उभारलेली वसाहत. साखर कारखाना, दूध संघ, वारणा बाजार, शाळा, महाविद्यालये अशा संस्थांनी गजबजलेल्या या परिसरात राष्ट्रीय सणाच्या दिवशी ठिकठिकाणी तिरंगा चढतो. येथून वाठारला येऊन राष्ट्रीय महामार्गाने दक्षिणेकडे निघाले, की कोल्हापूर, निपाणी, बेळगाव आणि धारवाड मागे टाकून सुमारे सव्वादोनशे किलोमीटरवर हुबळी लागते. हुबळीच्या बेंगेरी भागात, १९५७ मध्ये स्थापन झालेल्या कर्नाटक खादी ग्रामोद्योग संयुक्त संघाच्या आवारात, प्रमाणित खादीचे राष्ट्रध्वज तयार होतात. महाराष्ट्रात हे काम नांदेडची मराठवाडा खादी ग्रामोद्योग समिती करते. ध्वजासाठी लागणारी खादी लातूर जिल्ह्यातील उदगीर येथे विणली जाते.

ध्वजासाठी सोसलेले कष्ट

१९२१ मध्ये बेझवाड्याला, म्हणजे आजच्या विजयवाड्याला, अखिल भारतीय काँग्रेस समितीची बैठक भरली. त्या वेळी पिंगली वेंकय्या यांनी गांधीजींना ध्वजाचा नमुना दाखविला. ध्वजावर चरखा असावा, ही सूचना जालंधरच्या लाला हंसराज यांची. चरखा आला आणि ध्वजाचे कापड हातच्या सुताचेच असले पाहिजे, हा आग्रह त्याच्याबरोबर आला. परदेशी कापडाचा स्वदेशी ध्वज ही कल्पनाच विसंगत होती.

पुढे या ध्वजासाठी लोकांनी तुरुंग पत्करला. १८ मार्च १९२३ रोजी जबलपूरच्या टाउन हॉलवर ध्वज फडकविणाऱ्या तरुणांत प्रेमचंद जैन, परमानंद जैन आणि खुशालचंद जैन होते. त्यांचे सहकारी होते सीताराम जाधव. त्याच वर्षी १ मे रोजी नागपूरचा झेंडा सत्याग्रह सुरू झाला. त्याचे नेतृत्व वर्ध्याचे व्यापारी जमनालाल बजाज यांनी केले आणि त्यांना कारावास भोगावा लागला. ६ एप्रिल १९३० रोजी सोलापूर नगरपालिकेच्या इमारतीवर तिरंगा चढला. त्या वेळी नगरपालिकेचे अध्यक्ष माणिकचंद रामचंद शहा होते. पेढी सांभाळणारी माणसेही ध्वजासाठी पुढे आली, याची ही उदाहरणे आहेत.

२२ जुलै १९४७ रोजी घटना समितीने आजचा तिरंगा स्वीकारला. चरख्याच्या जागी सारनाथच्या अशोकस्तंभावरील चोवीस आऱ्यांचे धर्मचक्र आले. चोवीस ही संख्या पाहून श्रावकाला तीर्थंकरांचे स्मरण व्हावे, हे स्वाभाविक आहे. तथापि घटना समितीपुढे आदर्श होता तो सम्राट अशोकाच्या चक्राचा. धर्मचक्राची कल्पना या भूमीतील सर्व श्रमण परंपरांची आहे, एवढे म्हणणे उचित होय.

सुतापासून ध्वजापर्यंत

हुबळीच्या केंद्रात ध्वज सहा टप्प्यांतून जातो: सूतकताई, विणकाम, धुलाई व रंगाई, चक्राची छपाई, शिलाई आणि शेवटी दोरी बसविणे. सूत आणि कापड मुख्यतः बागलकोट जिल्ह्यात तयार होते. या कामात मोठा वाटा महिलांचा आहे.

ध्वजाला दोन प्रकारचे कापड लागते. फडकणाऱ्या भागासाठी हलकी, एकसारख्या विणीची खादी असते. ज्या पट्टीतून दोरी ओवली जाते, तिच्यासाठी जाड आणि चिवट खादी वापरतात. जाड खादी विणणे अवघड असते आणि ते कसब फार थोड्या विणकरांना अवगत आहे. कापड शुभ्र केल्यावर त्याचे तीन वाटे होतात. एक केशरी रंगतो, एक हिरवा आणि एक पांढराच राहतो. पांढऱ्या पट्ट्यावर गडद निळे चक्र दोन्ही बाजूंनी छापावे लागते. एका बाजूचा आरा दुसऱ्या बाजूच्या आऱ्यावर तंतोतंत बसला नाही, तर उजेडात चक्र दुहेरी दिसते आणि तो ध्वज नाकारला जातो.

भारतीय मानक ब्यूरोने ध्वजासाठी नऊ आकार ठरवून दिले आहेत. सर्वांत मोठा ६३०० बाय ४२०० मिलिमीटरचा आणि सर्वांत लहान, टेबलावर ठेवण्याचा, १५० बाय १०० मिलिमीटरचा. मोठ्या ध्वजावरील चक्राचा व्यास १२९५ मिलिमीटर असतो, तर लहानावरील अवघा २५. मोटारीवरील ध्वज २२५ बाय १५० मिलिमीटरचा असतो. आकार कोणताही असो, लांबी आणि रुंदीचे प्रमाण तीनास दोन हेच राहते. रंगाची छटा, सुताची ताकद, शिवणीचा दोरा, दोरीच्या टोकाचा लाकडी गुटका, या सर्वांची तपासणी होते. वजनमापाची शुद्धता ज्याने आयुष्यभर जपली, त्या व्यापाऱ्याला या काटेकोरपणाचे मोल वेगळे सांगावे लागणार नाही.

नियम बदलला, बाजार बदलला

३० डिसेंबर २०२१ च्या आदेशाने ध्वजसंहितेत दुरुस्ती झाली. तोपर्यंत ध्वज हातकताईच्या आणि हातविणीच्या कापडाचाच असावा लागे. आता यंत्रावर तयार झालेला आणि पॉलिस्टरचा ध्वजही मान्य आहे. २०२२ च्या 'हर घर तिरंगा' मोहिमेत घरोघरी ध्वज पोहोचला, त्यामागे ही मोकळीक होती. हुबळीच्या संघाने मात्र त्या वर्षी या बदलाला उघड विरोध केला. ध्वजाची मागणी घटली की चरख्यावर बसणाऱ्या स्त्रीचे काम घटते, ही त्यांची व्यथा होती.

हातमाग आणि यंत्रमाग यांतील हे द्वंद्व कोल्हापूर जिल्ह्याला नवे नाही. १९०४ मध्ये विठ्ठलराव दातार यांनी इचलकरंजीत पहिला यंत्रमाग बसविला आणि त्यातून एक वस्त्रनगरी उभी राहिली. कितीतरी जैन कुटुंबांचा उदरनिर्वाह त्यावर चालतो. म्हणून यंत्राला दोष देणे न्यायाचे नाही. घरोघरी ध्वज पुरविणे केवळ हातमागाला शक्यही झाले नसते. प्रश्न एवढाच आहे, की दोन्ही ध्वज कायद्याने मान्य असताना विवेकाने कोणता कोठे निवडावा.

या निवडीत अहिंसेचा विचार करता येतो. संहितेला सूत, लोकर, रेशीम, खादी आणि पॉलिस्टर हे सर्व चालते. रेशमासाठी कोष उकळावे लागतात, हे श्रावकाला ठाऊक आहे. पॉलिस्टर स्वस्त आणि टिकाऊ असते, परंतु त्याचा शेवट अवघड आहे. जीर्ण झालेला ध्वज एकांतात, सन्मानपूर्वक, शक्यतो जाळून पूर्णपणे नष्ट करावा, असे संहिता सांगते. सुती ध्वजाची राख होते. पॉलिस्टर वितळते, त्याचा गोळा उरतो आणि त्याचा धूर घातक असतो. फेकून दिल्यास ते वर्षानुवर्षे मातीत कुजत नाही.

कुंभोजला जन्मलेल्या कर्मवीर भाऊराव पाटलांनी खादीचे व्रत घेतले होते. जाड्याभरड्या सुतामागे एखाद्या गरिबाचे घर उभे असते, ही जाण त्या व्रतामागे होती. तत्त्वार्थसूत्रातील परस्परांवरील उपकाराचा विचार याहून निराळा नाही. म्हणूनच शाळा, संस्था, वसतिगृह आणि मंदिर ट्रस्ट यांच्या मुख्य ध्वजस्तंभासाठी प्रमाणित खादीचा ध्वज घेणे हा उत्तम मार्ग होय. घरासाठी दरवर्षी नवा ध्वज घेण्यापेक्षा एक चांगला सुती ध्वज घ्यावा आणि तो स्वच्छ घडी करून जपावा. अपरिग्रहाला हे साजेसे आहे.

दुकानदाराने ध्यानात ठेवावे असे

ध्वजावर दुकानाचे नाव, जाहिरात किंवा कोणतीही अक्षरे छापू नयेत. व्यापारी कामासाठी ध्वजाचा वापर करण्यास १९५० च्या कायद्याने मनाई आहे. ध्वजाचा अवमान केल्यास १९७१ च्या कायद्यानुसार तीन वर्षांपर्यंत कारावास होऊ शकतो. प्रमाण चुकलेला, चक्र लंबगोल झालेला किंवा आरे कमी असलेला माल घाऊक विक्रेत्याकडून स्वीकारू नये. राष्ट्रध्वजाच्या विक्रीवर वस्तू व सेवा कर नाही. यंत्रावर तयार झालेल्या पॉलिस्टर ध्वजालाही ही सूट आहे, असे शासनाने २०२२ मध्ये स्पष्ट केले. त्यामुळे ग्राहकाच्या बिलात तो कर लावू नये.

केशरी पट्टा नेहमी वर असावा. ध्वज भिंतीवर उभा लावल्यास पाहणाऱ्याच्या डाव्या हाताला केशरी पट्टा यावा. फाटका किंवा मळका ध्वज लावू नये. इतर कोणताही ध्वज राष्ट्रध्वजाहून उंच अथवा त्याच्या बरोबरीने असू नये. महोत्सवात पंचरंगी ध्वज आणि तिरंगा एकत्र लावताना हे विशेष पाहावे. जुलै २०२२ पासून नागरिकांना घरी रात्रंदिवस ध्वज फडकविण्याची मुभा आहे. कागदी ध्वज कार्यक्रमानंतर रस्त्यावर पडू देऊ नयेत.

जुने ध्वज परत घेऊन त्यांची योग्य विल्हेवाट लावण्याची सोय एखाद्या दुकानाने केली, तर खर्च किरकोळ येईल. १६ ऑगस्टच्या सकाळी तरुण मंडळाने पेठेतून एक फेरी काढावी आणि पडलेले ध्वज गोळा करावेत. ध्वज विकण्याबरोबर त्याचा अखेरचा मान राखण्याची जबाबदारी व्यापाऱ्याने उचलली, तर ज्या हातांनी त्याचे सूत कातले त्या हातांचेही ऋण काही अंशी फिटेल.