वीज बनली की राफ्ट सुटते

हृषीकेशचा बेत जमत नाहीये? मग नागपूरकर दोस्तांनो, सुट्टीत कोलाड गाठा. रायगड जिल्ह्यातल्या कुंडलिका नदीवर सुमारे १२ किलोमीटरचं राफ्टिंग होतं.

ही नदी भर उन्हाळ्यातही खळाळते, ती विजेमुळे! मुळशी धरणाचं पाणी सह्याद्री उतरून भिऱ्याच्या वीजकेंद्रात येतं, टर्बाइन फिरवतं आणि मग कुंडलिकेला मिळतं. ते सकाळी सुटतं, म्हणून राफ्टही सकाळीच. उशिरा उठलात तर पाणी पुढे गेलेलं!

खळाळांना १ ते ६ ग्रेड असतात. इथले २ ते ३. पोहता येत नसलं तरी चालतं, पण लाइफ जॅकेट आणि हेल्मेट घट्ट हवं. गाइडचा शब्द शेवटचा. पाण्यात पडलात तर पाय पुढे करून पाठीवर तरंगा. उभं राहू नका, दगडांत पाय अडकतो.

नंतर काठावर तांदळाची भाकरी अन् माशाचं कालवण. सावजीवाल्यांना तिखट कमीच वाटेल!

जेवताना एक गोष्ट ग्रुपला नक्की सांगा. मुळशी धरणात जमिनी जाऊ नयेत म्हणून तिथल्या शेतकऱ्यांनी १९२१ मध्ये सत्याग्रह केला. त्याच लढ्याने पांडुरंग महादेव बापटांना ‘सेनापती’ केलं. तरीही धरण झालं, गावं बुडाली. आपल्या मजेचं पाणी त्यांच्या शेतांवरून येतं. निदान जेवणाच्या प्लेटा तरी त्यात टाकू नका.