मिशी मालिकेची

पहाटे पाच. मळवलीत पावसाळ्यात या वेळी काळोखच असतो. चहा, आंघोळ, मग आरशासमोर कात्री. मिशी माझ्या ओठावर असली तरी ती मालिकेची. मागच्या सीनमध्ये होती तेवढीच आज लागते, नाहीतर कंटिन्युइटी सांभाळणारी मुलगी ओरडते.

पावणेसात. लोकलने पुढचंच स्टेशन लोणावळा, तिथून सिंहगड एक्सप्रेस. घाटात संवाद पाठ करावेत, तर ते सेटवर पोचल्यावरच हातात पडतात. म्हणून झोपतो. मुंबईत खोली घ्या, असा सल्ला बरेच देतात. महिन्यातले मोजके दिवस बोलावणं येणाऱ्याने तिथलं भाडं कशातून भरायचं, ते मात्र कोणी सांगत नाही.

साडेनऊ. ठाण्याहून रिक्षा, घोडबंदर रोड, खड्डे.

दहा. कॉल दहाचा, म्हणून दहाला मेकअप, धोतर, कोट. मी नायिकेचा चुलत सासरा. घराण्याची अब्रू माझ्याकडे असते. तयार होऊन बसलो की थांबायचं. आधी नायक-नायिकेचे सीन, कारण ते रोजचे. मधूनच स्पॉटदादा चहा आणून देतो आणि आज तुमचं उशिरा दिसतंय, असं सांगून जातो. त्याचा अंदाज दिग्दर्शकापेक्षा खरा ठरतो.

एक. जेवण. नवीन पोरं विचारतात, काका, तुमच्या वेळी कसं होतं? मी निळू फुल्यांचं सांगतो. पुण्याच्या सैनिकी वैद्यकीय महाविद्यालयात ते माळीकाम करायचे. सेवादलाच्या कलापथकातून ‘कथा अकलेच्या कांद्याची’ या वगात आले आणि १९६८ साली ‘एक गाव बारा भानगडी’पासून सिनेमात. पुढे ‘सामना’तला त्यांचा हिंदुराव धोंडे पाटील १९७५च्या बर्लिन महोत्सवाच्या स्पर्धेत गेला. हा साखरसम्राट जर्मनांना कितपत कळला असेल कोण जाणे, पण असा माणूस त्यांनी त्यांच्या गावात पाहिला असणारच.

त्या जर्मनीतल्या नटांचा मला हेवा वाटतो. तिथे ‘टाटओर्ट’ ही गुन्हेशोधाची मालिका १९७०पासून चालू आहे. दर भाग दीडेक तासाचा, बहुतेक वेळा गोष्ट वेगळी. म्हणजे दर वेळी नवा खुनी, नवा साक्षीदार, नवा संशयित शेजारी, आणि तेवढ्या नटांना काम. शिवाय शहराशहरांत सरकारी पैशावर चालणारी नाट्यगृहं, त्यांत पगारी नटसंच. तिथला दुय्यम नट आज नाटकात राजा आणि रविवारी टीव्हीवर खिसेकापू होऊ शकतो. आपल्याकडे एकदा काका झालात की काकाच. कथेला नकोसे झालात, की लेखक तुम्हाला तीर्थयात्रेला पाठवतो. काशीला गेलेले किती काका अजून परतलेले नाहीत!

चार. अखेर हाक. छातीला लेपल माइक, मास्टर शॉट, मग क्लोज. नायिका तोवर दुसऱ्या सीनच्या साडीला गेलेली. तिची वाक्यं सहायक दिग्दर्शक कोऱ्या आवाजात वाचतो आणि मी त्या पोराकडे पाहून सुनेवर संतापतो. खरं काम हेच. चार वाक्यं कोणीही म्हणेल. समोर कोणी नसताना ऐकत राहणं कठीण. ऐकणं खोटं वाटलं, की एडिटर तुमचा चेहरा कापून नायिकेचा ठेवतो.

पाच. लवकर सुटलो. प्रॉडक्शनवाल्याच्या वहीत सही. पुढची तारीख विचारली, तर ‘कळवतो’.

आज ठाण्याहून संध्याकाळची गाडी मिळाली. शिफ्ट रात्री नऊपर्यंत ताणली तर मागच्या मिळेल त्या गाडीने लोणावळा गाठायचं आणि लोकलची वाट पाहायची. या वयात ते झेपत नाही, पण तसं सेटवर बोललो तर तीर्थयात्रा नक्की.

साडेआठ. मळवली. घरी मालिका लागलेलीच असते. आज केलेला सीन दोन-तीन दिवसांत दिसेल. त्याचे पैसे या धंद्याच्या रिवाजाप्रमाणे नव्वद दिवसांनी.